डोळ्यांनी पाहिले, तेच खरे काय?

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात चिखली येथे केलेले भाषण)



दरवर्षी या व्यासपीठावरून आपल्या समाजातील कोणी डॉक्टर, वकील अगर प्राध्यापक बोलतात. यंदा चिटणीसांनी हा मान एका निवृत्त प्राथमिक शिक्षकास दिला, याबद्दल मी मंडळाचा ऋणी आहे. माझे शिक्षण १९७४ सालच्या मॅट्रिकपर्यंतचे. पुढे अध्यापनाची पदविका घेतली आणि सदतीस वर्षे खडू-फळ्याची संगत केली, एवढीच माझी पुंजी. तेव्हा मजकडून विद्वत्तेची अपेक्षा कोणी करू नये. निवृत्तीनंतर जे थोडे वाचन घडले त्यातील एक विचार आणि माझ्या नोकरीतील एक चूक, या दोन गोष्टी आपल्यापुढे ठेवण्याचा मानस आहे. त्या दोहोंचा एकमेकींशी संबंध आहे, तो शेवटी स्पष्ट होईल.

प्रथम एक घरगुती हकीगत सांगतो. तीन-चार वर्षांमागे मला असे वाटू लागले की आमच्या बैठकीच्या भिंती पिवळ्या पडल्या आहेत. धोतर, सदरा, पलंगावरची चादर यांवरही तीच कळा. सूनबाईंना मी दोन-तीन वेळा म्हणालो, "हल्ली धुणे नीट निघत नाही." त्या बिचाऱ्या काही बोलल्या नाहीत, आणखी थोडी पूड टाकून कपडे धूत राहिल्या. भिंतींसाठी तर मी रंगाऱ्यालाही बोलावून आणले. तो म्हणाला, "गुरुजी, भिंत चांगली पांढरी आहे की!" मला त्याचा रागच आला. पुढे माझ्या उजव्या डोळ्याच्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झाली. पट्टी निघाल्यावर घरी आलो, तो भिंत पांढरी, चादर पांढरी, धोतर पांढरे! गंमत म्हणून उजवा डोळा झाकून डाव्याने पाहिले, तर पुन्हा सगळे पिवळे. पिवळेपणा भिंतीत नव्हता आणि सूनबाईंच्या धुण्यातही नव्हता. तो माझ्या डोळ्यातील भिंगात होता. आणि मी मात्र 'प्रत्यक्ष डोळ्यांनी पाहतो आहे' असे म्हणून घरभर सर्वांना दोष देत होतो.

त्या दिवसापासून एक प्रश्न माझ्या मनात घर करून बसला. आपण जे पाहतो ते खरोखर बाहेर असते काय? आणि डोळे जर असे फसवत असतील, तर 'मी डोळ्यांनी पाहिले' या शब्दांना किती किंमत द्यावी? या प्रश्नाचा शोध घेताना मला आढळले की आपल्या देशात दीड-दोन हजार वर्षे मोठमोठ्या पंडितांनी याच प्रश्नावर रणे माजविली आहेत, आणि ते ज्ञान आपल्या काळापर्यंत पोहोचविण्यात आपल्या महाराष्ट्रातील विद्वानांचा वाटा फार मोठा आहे.

न्यायशास्त्रात शिरणाऱ्याच्या हाती पहिले पुस्तक दिले जाते ते अन्नंभट्टाचा 'तर्कसंग्रह'. सतराव्या शतकातील या आंध्रदेशीय पंडिताने मुलांना समजावे म्हणून हा चिमुकला ग्रंथ रचला. त्याची एक उत्तम आवृत्ती १८९७ साली मुंबई संस्कृत ग्रंथमालेत निघाली. तिच्यामागची हकीगत ऐकण्यासारखी आहे. यशवंत वासुदेव आठल्ये या गृहस्थांनी ग्रंथावर इंग्रजीत विस्तृत टिपा लिहिल्या होत्या. परंतु ग्रंथ प्रसिद्ध झालेला पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. त्यांच्या पश्चात महादेव राजाराम बोडस यांनी ते काम हाती घेतले, मूळ ग्रंथाचे भाषांतर आणि न्यायशास्त्राच्या इतिहासाची प्रस्तावना जोडली आणि दिवंगताच्या नावासह ग्रंथ प्रकाशात आणला. एकाने आरंभिलेले काम दुसऱ्याने त्याचे श्रेय राखून पुरे करावे, हा धडा आपल्यासारख्या मंडळांनीही गिरवावा असा आहे.

दुसरा ग्रंथ म्हणजे महामहोपाध्याय भीमाचार्य झळकीकर यांचा 'न्यायकोश'. न्यायशास्त्रातील शब्द सामान्य संस्कृत जाणणाऱ्यासही बिकट वाटतात. त्या प्रत्येक शब्दाचा अर्थ, निरनिराळ्या ग्रंथकारांची मते आणि उदाहरणे एकत्र करण्याचे प्रचंड काम या एका माणसाने केले. त्याची एक आवृत्ती १८९३ साली मुंबई संस्कृत ग्रंथमालेत निघाली. पुढे महामहोपाध्याय वासुदेवशास्त्री अभ्यंकर यांनी सुधारलेली आवृत्ती पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९२८ साली काढली. आजही जगात कोठेही न्यायशास्त्राचा अभ्यास चालतो, तेथे हा कोश अभ्यासकाच्या हाताशी असतो.

आता या शास्त्राचे म्हणणे काय, ते थोडक्यात पाहू. ज्ञान मिळविण्याची जी खात्रीची साधने, त्यांना प्रमाण म्हणतात. नैयायिक चार प्रमाणे मानतात : प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द. त्यांत प्रत्यक्ष हे पहिले. डोळा, कान, नाक, जीभ, त्वचा ही इंद्रिये आणि बाहेरची वस्तू यांचा संबंध घडून जे ज्ञान होते ते प्रत्यक्ष. या संबंधाला 'संनिकर्ष' म्हणतात, आणि तो सहा प्रकारचा सांगितला आहे. डोळ्याचा घटाशी संबंध येतो, तेव्हा घट दिसतो. घटाचा तांबडा रंग घटातच राहतो, म्हणून घटाच्या द्वारे रंग दिसतो. अशा रीतीने पायरीपायरीने त्यांनी विचार केला आहे.

यातील सहावा प्रकार मला शिक्षक या नात्याने फार आवडला. जमिनीवर घट नाही, हे आपल्याला कसे कळते? नैयायिक म्हणतात, तेही प्रत्यक्षच! रिकामी जमीन पाहताना घटाचा अभाव तिचे विशेषण होऊन आपल्याला दिसतो. भाट्ट मीमांसक आणि वेदान्ती यांना हे पटत नाही. ते त्यासाठी अनुपलब्धी नावाचे स्वतंत्र प्रमाण मानतात. मी सदतीस वर्षे हजेरी घेतली. वर्गात पाऊल टाकताच तिसऱ्या बाकावरचा मुलगा आलेला नाही, हे नाव पुकारण्यापूर्वीच मला दिसत असे. म्हणून या वादात माझे मत नैयायिकांच्या बाजूचे आहे, आणि येथे बसलेली प्रत्येक माता मला दुजोरा देईल. जेवणाच्या पंगतीत आपले कोणते मूल नाही हे तिला मोजावे लागत नाही.

न्यायदर्शनाचा मुख्य सिद्धान्त असा की हे जग खरे आहे. आपण पाहिले तरी ते आहे, न पाहिले तरी आहे. आपल्याला दिसते ती प्रत्यक्ष वस्तूच होय. मनात उमटलेले तिचे नुसते चित्र नव्हे. यालाच वास्तववाद म्हणतात. हा सिद्धान्त त्यांनी सुखासुखी मांडलेला नाही. नागार्जुनासारख्या बौद्ध पंडिताने त्यांना विचारले : प्रमाणांनी वस्तू सिद्ध होते म्हणता, मग त्या प्रमाणांना कोणी सिद्ध केले? दिङ्नागाने सांगितले : इंद्रियांना जे प्रथम क्षणी लाभते तेवढेच प्रत्यक्ष, 'ही गाय', 'हा पांढरा घोडा' अशी नावे आणि जाती ही मनाने मागून चढविलेली असतात. इकडे अद्वैत वेदान्ती म्हणत होते की, अंधारात दोरीवर साप भासावा तसे ब्रह्मावर हे जग भासते.

हा वाद जुन्या पोथ्यांपुरताच राहिला असे मात्र नाही. आपल्या शेजारच्या खानदेशात, अमळनेर येथे, श्रीमंत प्रताप शेठ यांनी १९१६ साली तत्त्वज्ञान मंदिर स्थापन केले. साने गुरुजींनीही तेथे काही काळ अध्ययन केले होते. त्या मंदिरातील मलकानी, रासविहारी दास आणि टी. आर. व्ही. मूर्ती या तीन अभ्यासकांनी १९३३ साली 'अज्ञान' या नावाचा एक ग्रंथ प्रसिद्ध केला. एका अज्ञानाविषयी तिघांनी आपापली वेगवेगळी मते त्यात मांडली. एकाच छपराखाली राहणाऱ्या तीन विद्वानांनी आपला मतभेद एकाच पुस्तकात शेजारी शेजारी छापावा, ही गोष्ट मला ग्रंथातील सिद्धान्तांइतकीच मोलाची वाटते. आपल्या समाजात मतभेद झाला की आपण दुसरे मंडळ काढतो!

आता मूळ प्रश्नाकडे वळू. जग जर खरे आणि दिसते ते जगच, तर चूक होते कशी? नैयायिक नेहमी शिंपल्याचे उदाहरण देतात. वाळूत शिंपला चमकतो आणि एखादा वाटसरू 'चांदी!' म्हणून धावतो. नैयायिक म्हणतो, शिंपला खरा आहे आणि चांदीही खरी आहे. फक्त ती येथे नसून सराफाच्या दुकानात आहे. पूर्वी पाहिलेल्या चांदीची आठवण त्या चमकीने जागी झाली आणि ती शिंपल्याच्या जागी जोडली गेली. एक वस्तू दुसऱ्या रूपाने भासली, म्हणून या मताला 'अन्यथाख्याती' म्हणतात. प्राभाकर मीमांसक म्हणतात की 'हे' दिसते आणि 'चांदी' आठवते, त्या दोहोंतील भेद लक्षात येत नाही, एवढेच घडते. मतभेद बारीक असला तरी तात्पर्य एकच, की भ्रमाचा एक तुकडासुद्धा हवेतून येत नाही. त्याचे सर्व साहित्य खरे असते, जुळणी तेवढी चुकलेली असते.

आणि ही जुळणी का चुकते, याचीही कारणे त्यांनी सांगून ठेवली आहेत. त्यांना ते 'दोष' म्हणतात. कावीळ झालेल्याला पांढरा शंख पिवळा दिसतो, तो पित्ताचा दोष. संध्याकाळी दुरून खुंट आहे की माणूस आहे हे कळत नाही, तो अंतराचा आणि अंधुक उजेडाचा दोष. वैशाखात मेहकरच्या रस्त्यावर पुढे पाणी चमकते, तो तापलेल्या हवेचा दोष. माझ्या पिवळ्या भिंतीचे कोडे या लोकांनी माझ्या जन्माआधी कित्येक शतके सोडवून ठेवले होते!

या साऱ्या वादाला आपल्या काळात जगाच्या विद्यापीठांत मानाचे स्थान मिळवून देणारे जे थोडे विद्वान झाले, त्यांत बिमल कृष्ण मतिलाल यांचे नाव अग्रभागी आहे. ते बंगालचे. १९३५ साली जन्मले. त्यांनी पारंपरिक पद्धतीने न्यायशास्त्राचे अध्ययन करून कलकत्त्यास 'तर्कतीर्थ' ही पदवी मिळविली. महाराष्ट्राला ही पदवी परकी नाही. वाईच्या लक्ष्मणशास्त्री जोशी यांनी ती १९२३ साली कलकत्त्यासच संपादन केली होती. पुढे मतिलाल अमेरिकेत हार्वर्ड विद्यापीठात गेले. नव्यन्यायातील अभावाच्या सिद्धान्तावर, म्हणजे मी सांगितलेल्या त्या 'नसलेल्या घटा'वर, त्यांनी प्रबंध लिहिला. तो १९६८ साली ग्रंथरूपाने निघाला. १९७६ साली ते ऑक्सफर्ड येथे ज्या अध्यासनावर नियुक्त झाले, त्यावर पूर्वी डॉ. राधाकृष्णन बसले होते. १९८६ साली त्यांचा 'पर्सेप्शन', म्हणजे 'प्रत्यक्ष ज्ञान', हा मोठा ग्रंथ प्रसिद्ध झाला. १९९१ साली, वयाच्या अवघ्या छप्पन्नाव्या वर्षी, त्यांचे निधन झाले.

हा ग्रंथ माझ्या पुतणीने मला आणून दिला. माझे इंग्रजी मॅट्रिकचे. शब्दकोश शेजारी ठेवून, अडले तेथे तिला विचारून, दोन पावसाळे मी तो वाचीत होतो. आणि सगळा कळला असे आजही म्हणणार नाही. परंतु त्याचा गाभा माझ्यापर्यंत पोहोचला. हिंदुस्थानचे तत्त्वज्ञान म्हणजे केवळ ध्यान, समाधी आणि मोक्ष, अशी पाश्चात्त्यांची आणि पुष्कळ अंशी आपलीही समजूत होऊन बसली आहे. मतिलालांनी दाखवून दिले की येथे पंडितांनी शतकानुशतके अत्यंत काटेकोर युक्तिवाद केला आहे. नागार्जुनाचा संशय त्यांनी प्रथम पूर्ण ताकदीने मांडला, बौद्धांची बाजू आदराने मांडली, आणि मग नैयायिकांचा वास्तववाद आजच्या विचारवंतांपुढेही कसा टिकून राहतो हे समजावून दिले. प्रतिपक्षाचे म्हणणे त्याच्यापेक्षाही चांगले मांडून मग उत्तर द्यावे, ही पूर्वपक्षाची जुनी शिस्त त्यांनी पाळली.

आपल्या विदर्भानेही या कामास हात लावला आहे. नागपूरचे डॉ. सुरेंद्र बारलिंगे यांनी भारतीय तर्कशास्त्राची आधुनिक पद्धतीने ओळख करून देणारा इंग्रजी ग्रंथ १९६५ साली लिहिला, आणि पुणे विद्यापीठात तत्त्वज्ञानाचे अध्यापन करीत असता मराठीतून हा विषय बोलता यावा म्हणून पुष्कळ खटपट केली. तेव्हा हा विषय आपल्यापासून फार दूरचा आहे असे कोणी समजू नये.

आपल्याच जिल्ह्यातील एक घटना पाहा. २०२० सालच्या जून महिन्यात लोणारच्या सरोवराचे पाणी गुलाबी झाले. पुष्कळांनी ते पाहिले. कोणी म्हणाले, हा अपशकुन. कोणी म्हणाले, देवीचा कोप. कोणी म्हणाले, छायाचित्रच खोटे. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने पाण्याचे नमुने तपासले. उन्हाळ्यात पाणी आटून खारटपणा वाढला आणि खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्म जीवांच्या रंगद्रव्यामुळे ही छटा आली, असे निष्पन्न झाले. ते जीव तळाशी बसले की पाणी पुन्हा स्वच्छ दिसे. येथे डोळ्यांनी मुळीच फसविले नव्हते. पाणी गुलाबी दिसले आणि ते खरेच गुलाबी होते. चुकले ते पाहिल्यानंतर केलेले अनुमान. 'मी पाहिले' या दोन शब्दांत आपण किती वेळा न पाहिलेलेही घुसडून देतो, याचे हे उदाहरण होय.

आता मी आपली चूक सांगतो. ही गोष्ट मी आजवर चारचौघांत उच्चारलेली नाही.

साल १९८६. एका खेड्यातील शाळेत मी पाचवीचा वर्गशिक्षक होतो. तिमाही परीक्षेचे प्रश्न त्या काळी फळ्यावर लिहून देण्याची पद्धत होती. मागच्या बाकावर एक मुलगा बसत असे. वर्गात त्याचे लक्ष नसते, विचारलेले सांगत नाही, असे माझे त्याच्याविषयी मत होऊन बसले होते. गणिताच्या परीक्षेत मी पाहिले की तो वारंवार शेजाऱ्याच्या वहीत डोकावतो आहे. मी दोनदा दरडावले. तिसऱ्यांदा तो पुन्हा वाकलेला दिसला, तेव्हा मी त्याला उभे केले, छड्या मारल्या, पेपर हिसकावून त्यावर शून्य घातले आणि सर्व मुलांदेखत 'चोर' म्हणालो. तो एवढेच म्हणाला, "गुरुजी, मी नाही केली कॉपी." मी म्हणालो, "मी माझ्या डोळ्यांनी पाहिले!" दुसऱ्या दिवसापासून तो शाळेत आला नाही. त्याच्या वडिलांकडे एकदा निरोप पाठविला, ते म्हणाले, "त्याचे डोके चालत नाही, रानात चालेल." मीही विषय सोडून दिला.

बारा वर्षांनी येथे चिखलीच्या बसस्थानकावर एक तरुण माझ्या पाया पडला. डोळ्यांना जाड भिंगांचा चष्मा होता. मी ओळखले नाही, तेव्हा त्याने आपले नाव सांगितले. एका दुकानात हमालीचे काम करीत होता. मी विचारले, "चष्मा केव्हा लागला रे?" तो म्हणाला, "वीस वर्षांचा असताना, गुरुजी. दुकानाच्या मालकांनी दाखवून आणले. तेव्हा कळले की झाडाला पाने वेगवेगळी दिसतात." मग थोडे थांबून, अगदी सहज म्हणाला, "शाळेत मला फळा दिसतच नव्हता. प्रश्न शेजाऱ्याच्या वहीतून वाचून घ्यायचो. उत्तर मी माझेच लिहायचो."

बस आली आणि तो निघून गेला. मी तेथील बाकावर कितीतरी वेळ बसून होतो.

पुढे न्यायशास्त्राची पुस्तके वाचताना त्या प्रसंगाचा एक-एक धागा मला उलगडत गेला. मी खरोखर काय पाहिले होते? मुलगा वाकला आहे आणि त्याची नजर शेजाऱ्याच्या वहीवर आहे, एवढेच. ते खरे होते. 'तो उत्तर चोरतो आहे' हे मी पाहिले नव्हते; ते माझे अनुमान होते, आणि त्याचा हेतू सदोष होता. वहीत डोकावणे हे चोरी करणाऱ्याच्या ठिकाणी असते, तसे प्रश्न वाचणाऱ्याच्या ठिकाणीही असते. जो हेतू दोन्हीकडे सापडतो त्याला तर्कसंग्रहात 'सव्यभिचार' म्हटले आहे. पाच हेत्वाभासांतील हा पहिलाच.

आणखी एक गोष्ट नैयायिकांनी फार मार्मिकपणे सांगितली आहे. दुरून चंदनाचे खोड पाहिले तरी ते सुगंधी 'दिसते'. डोळ्याला गंध कळत नाही; पण पूर्वी घेतलेला गंधाचा अनुभव पाहण्यात मिसळून जातो. चंदनाच्या बाबतीत हे ठीकच. पण माणसाच्या बाबतीत काय होते? तो मुलगा मठ्ठ आहे, हे माझे जुने मत माझ्या नजरेत मिसळले होते. म्हणून मला विद्यार्थी दिसला नाही, चोर दिसला. मुलाच्या डोळ्यात दोष होता, तो चष्म्याने गेला. माझ्याही पाहण्यात दोष होता. त्याला चष्मा नव्हता.

कोणी विचारील, त्या मुलाने सांगितले का नाही? कसे सांगणार? जन्मापासून ज्याला अंधुकच दिसते, त्याला सर्वांनाच असे दिसते असे वाटते. मला तरी माझा मोतीबिंदू कोठे कळला होता? भिंतच पिवळी वाटत होती. ज्या डोळ्यात दोष आहे त्या डोळ्याला तो दोष दिसत नाही. येथे नैयायिकांचा एक सिद्धान्त आठवतो. ज्ञान झाले म्हणजे ते खरेच आहे असे त्या ज्ञानावरूनच ठरत नाही. त्याचे प्रामाण्य बाहेरून, दुसऱ्या साधनाने कळते. पाणी दिसले, जवळ गेलो, प्यालो, तहान भागली, तेव्हा ते पाणी. याला 'परतःप्रामाण्य' म्हणतात. मीमांसकांना हे मान्य नाही, त्यांचीही कारणे आहेत. पण माझ्यासारख्या चुकलेल्या माणसाला नैयायिकांचे म्हणणे पटते. रंगारी म्हणाला, "भिंत पांढरी आहे". त्याचे मी ऐकायला हवे होते. मुलगा म्हणाला, "मी नाही केली कॉपी". त्याचा पेपर शेजाऱ्याच्या पेपराशी ताडून पाहायला मला पाच मिनिटे लागली असती. ती पाच मिनिटे मी दिली नाहीत, आणि एका मुलाचे शिक्षण पाचवीत संपले.

यावरून जगच मिथ्या आहे, कशावर विश्वास ठेवू नये, असा निष्कर्ष मी काढीत नाही. उलट, जग खरे आहे म्हणूनच चूक ही चूक ठरते आणि म्हणूनच ती सुधारता येते. सगळाच भास असता, तर त्या मुलावर अन्याय झाला असे तरी कशाच्या आधारे म्हटले असते? वास्तववाद माणसाला उद्धट करीत नाही; नीट समजून घेतला तर नम्र करतो. सत्य माझ्या डोळ्यांच्या बाहेर आहे, माझ्या मर्जीवर अवलंबून नाही, म्हणून ते इतरांना विचारूनच पडताळावे लागते.

ज्ञातिबंधूंनो, आपल्या समाजात ऐकीव आणि अर्धवट पाहिलेल्या गोष्टींवरून किती सोयरिकी मोडल्या, किती भावकीत अबोला आला, हे येथील वडीलधाऱ्यांना ठाऊक आहे. 'मी प्रत्यक्ष पाहिले' असे सांगत कोणी आला, तर त्याला शांतपणे विचारावे, "बाबा, किती पाहिलेस आणि किती जोडलेस?"

माझ्या दोन नम्र सूचना आहेत. पहिली, मंडळाने दरवर्षी जून महिन्यात शाळा उघडताना आपल्या सर्व मुलामुलींची दृष्टी तपासून घ्यावी. प्राथमिक पाहणीला फार खर्च नाही. अक्षरांचा तक्ता सहा मीटरवर टांगावा, एकेक डोळा झाकून वाचावयास सांगावे, आणि जे अडखळतील त्यांना नेत्रवैद्याकडे पाठवावे. ज्या घरी ऐपत नसेल तेथे चष्मा मंडळाने द्यावा. आपली शेजारची मुले, मग ती कोणत्याही समाजाची असोत, त्यांनाही त्या रांगेत उभे करावे. तक्ता जात विचारीत नाही. या कामासाठी माझ्या निवृत्तिवेतनातील एक महिन्याची रक्कम मी आज चिटणीसांकडे दिली आहे.

दुसरी सूचना, मंडळाच्या ग्रंथसंग्रहात 'तर्कसंग्रहा'ची मराठी विवरणासह एक प्रत आणि 'न्यायकोशा'ची एक प्रत असावी. आज कोणी वाचणार नाही, हे मी जाणतो. पण एखाद्या घरी एखादे मूल असे निघेल की त्याला हा प्रश्न पडेल. त्याला पुस्तकासाठी पुण्या-नागपूरकडे पाहावे लागू नये.

तो तरुण मला पुन्हा भेटलेला नाही. भेटला तर त्याची क्षमा मागावयाची आहे. त्या दिवशी बसस्थानकावर माझ्या तोंडून शब्द फुटला नाही. आज आपणा सर्वांसमोर ती मागतो.